पेंढ्याच्या टोपलीतले पाय

जपानच्या ईशान्येला तोहोकू नावाचा प्रदेश आहे. हिवाळा बर्फाचा, बाकीचे दिवस भातखाचरांतल्या चिखलाचे. शेतावर राबायला जाताना तिथल्या आया तान्ह्या पोराला पेंढ्याच्या टोपलीत घट्ट बसवून बांधावर ठेवत. पोर दिवसभर रडे. वाऱ्यात ते कोणाला ऐकू येत नसे. संध्याकाळी बाहेर काढावे, तो दुमडलेले पाय सरळच होत नसत.

हे चित्र तात्सुमी हिजिकाता आयुष्यभर जवळ बाळगून होते. ९ मार्च १९२८ रोजी तोहोकूतल्या अकिता इथे जन्मलेले, अकरा भावंडांतले दहावे. मूळ नाव कुनिओ योनेयामा. गोष्टी रंगवून सांगण्याची त्यांना सवय होती, हेही खरे. पण पाश्चात्य नृत्याचे शिक्षण घेऊन टोकियोत आलेल्या या तरुणाला एक गोष्ट पक्की कळली होती : हवेत झेपावणारे ते नृत्य त्याच्या गावच्या पायांचे नव्हते.

मे १९५९ मध्ये त्यांनी ‘किन्जिकी’ सादर केले. नाव युकिओ मिशिमा यांच्या कादंबरीचे, तेही न विचारता घेतलेले. जवळजवळ अंधारात, संगीताचा आधार फारसा न घेता, दोन पुरुष आणि एक जिवंत कोंबडी! विषय पुरुषापुरुषांतल्या आकर्षणाचा. नर्तकांच्या संघटनेत गदारोळ उडाला आणि हिजिकाता तिच्यातून बाहेर पडले. गंमत म्हणजे मिशिमा रागावले नाहीत, उलट त्यांचे चाहते झाले.

पुढे या नृत्याला ‘अंकोकू बुतो’, म्हणजे घोर अंधाराचे नृत्य, हे नाव पडले. गुडघे वाकलेले, पाठ झुकलेली, पावले आत वळलेली. म्हातारी माणसे, आजारी माणसे, थंडीने काकडणारी माणसे त्यात आली. पोटासाठी मात्र मंडळींना टोकियोतल्या कॅबरेत नाचावे लागे. त्याच पैशांवर हे प्रयोग उभे राहत. छायाचित्रकार एइको होसोए यांच्याबरोबर हिजिकाता अकिताच्या खेड्यात परत गेले. १९६९ च्या ‘कामाइताची’ या पुस्तकात ते तान्हे मूल कवटाळून भातशेतातून धावताना दिसतात. हे छायाचित्र पाहिले, की टोपलीची गोष्ट निराळी सांगावी लागत नाही.

१९७२ साली सलग २७ रात्रींचे प्रयोग झाले. त्यानंतर वर्षभरातच त्यांनी स्वतः रंगमंचावर येणे थांबवले. वय अवघे पंचेचाळीस! ते इतरांना शिकवत, नृत्ये बसवत राहिले. १९७७ मध्ये ७१ वर्षांच्या काझुओ ओनो यांचे ‘ला आर्जेंतिना’ ही स्पॅनिश नर्तकी आठवणारे नृत्य त्यांनीच दिग्दर्शित केले. १९८० मध्ये ओनो ते घेऊन फ्रान्सला गेले आणि बुतोचे नाव युरोपात झाले.

हिजिकाता जपानबाहेर कधीच गेले नाहीत. २१ जानेवारी १९८६ रोजी, यकृताच्या विकाराने, ५७ व्या वर्षी ते टोकियोत वारले.