सावेदादा

७ जुलै १८९६ रोजी मुंबईतील वॉटसन हॉटेलात एक नवलाचा खेळ झाला. फ्रान्समधील ल्युमिएर बंधूंनी तयार केलेली सहा हलती चित्रे तेथे पडद्यावर दाखविण्यात आली. स्थानकात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार अशी साधीच दृश्ये होती ती. हा खेळ पाहून ज्यांना आपणही अशी चित्रे घ्यावीत असे वाटले, त्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हे मुंबईचे छायाचित्रकार होते. त्यांचा जन्म १८६८ सालचा. लोक त्यांना सावेदादा या नावाने ओळखत.

सावेदादांनी लंडनहून एकवीस गिनी मोजून चलच्चित्रणाचा कॅमेरा मागविला. त्या काळी ही रक्कम लहान नव्हती. हे यंत्र कसे चालवावे हे शिकविणारे येथे कोणी नव्हते. १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये त्यांनी पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती चित्रित केली. चित्रित केलेली फीत धुण्याची सोय भारतात नसल्यामुळे ती आगबोटीने लंडनला पाठवावी लागली. ती परत येईपर्यंत चित्र उमटले आहे की सारे श्रम वाया गेले आहेत, हे कळण्यास मार्ग नव्हता. चित्र उमटले होते! भारतीयाने घेतलेले हे पहिले चलच्चित्र मानले जाते.

आज माहितीपटासाठी तासन्‌तास चित्रण करतात आणि संकलक त्यातील नेमके तुकडे निवडून जोडतो. सावेदादांच्या वेळी संकलनाची ही कला जन्मली नव्हती. तेव्हाची फीत जेमतेम एक मिनिट चाले. म्हणून काय घ्यावे व काय सोडावे, याचा निर्णय त्यांना कॅमेऱ्याची मूठ फिरविण्यापूर्वीच करावा लागे. त्यांची निवड मोठी बोलकी आहे. देवादिकांच्या कथांकडे न वळता त्यांनी डोळ्यांसमोरचे जग टिपले. माकडांना खेळविणारा मदारीही त्यांना चित्रणास योग्य वाटला.

केंब्रिज विद्यापीठाच्या गणिताच्या परीक्षेत १८९९ मध्ये अव्वल ठरलेले रँग्लर र. पु. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले. त्यांच्या स्वागताचे चित्रण सावेदादांनी केले. परकीय सत्तेच्या काळात एका मराठी तरुणाचा हा गौरव पडद्यावर आला, याचे मोल विशेष आहे. ही भारतातील पहिली वृत्तचित्रफीत समजली जाते. पुढे १९०३ च्या दिल्ली दरबाराचेही त्यांनी चित्रण केले.

आपल्या फिती ते परदेशी चित्रांच्या जोडीने तंबूत दाखवीत. कालांतराने त्यांनी चित्रण थांबविले आणि मुंबईच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापन स्वीकारले. हेच चित्रगृह नंतर कॅपिटॉल म्हणून प्रसिद्ध झाले. सावेदादांचे निधन १९५८ साली झाले. कुस्तीची ती फीत मात्र काळाच्या ओघात नाहीशी झाली.