रेव्हरंड टिळकांचे उपासना-संगीत

‘केवढे हे क्रौर्य!’ या कवितेमुळे रेव्हरंड नारायण वामन टिळक पिढ्यान्पिढ्या मराठी शाळांना परिचित आहेत. फुलामुलांचे कवी अशी त्यांची ओळख आपण विद्यार्थ्यांना करून देतो आणि बहुधा तेथेच थांबतो. मराठी ख्रिस्ती उपासनेला त्यांनी दिलेले गाणे मात्र पाठ्यपुस्तकाबाहेरच राहते.

टिळकांचा जन्म ६ डिसेंबर १८६१ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील करजगावी झाला. आईच्या निधनानंतर घर सोडून ते नाशिकला आले. तेथे संस्कृतचा व्यासंग झाला. पुढे कीर्तन-पुराणांतही ते रमले. १८९३ मध्ये आगगाडीच्या प्रवासात एका परदेशी सहप्रवाशाने त्यांना बायबल वाचावयास दिले आणि १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला. आप्तेष्ट दुरावले. पत्नी लक्ष्मीबाई आणि ते कित्येक वर्षे वेगळे राहिले. लक्ष्मीबाईंनी १९०० मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला, तोही स्वतःच्या विचाराने.

त्या काळी चर्चमध्ये इंग्रजी गीतांची भाषांतरे मूळच्याच चालींवर गाइली जात. सूर जेथे ठेहराव घेई, तेथे मराठी शब्दात लघू अक्षर येई; ते ओढून दीर्घ करावे लागे आणि अर्थ हरवे. (दिल्लीत हिंदी-इंग्रजीच्या सहवासात वाढणाऱ्या आपल्या मुलांच्या वाचनात ऱ्हस्व-दीर्घाची अशीच ओढाताण आम्ही शिक्षक रोज ऐकतो.) अहमदनगरच्या कृष्णराव सांगळे यांनी देशी चालींची गीते व ख्रिस्ती कीर्तन यांची वाट आधीच पाडली होती, टिळकांनी तिचा राजमार्ग केला. तुकोबांच्या अभंगवाणीतूनच आपण ख्रिस्तापर्यंत पोहोचलो, अशी त्यांची श्रद्धा होती. ओवी, अभंग, पद यांत त्यांनी शंभराहून अधिक उपासनागीते रचली. अक्षरओळख नसलेल्या श्रोत्यांच्याही ती ओठी बसली, कारण त्यांचे वळण जात्यावरच्या ओवीचे आणि टाळ-मृदंगाच्या भजनाचे होते.

हा केवळ चालींचा प्रश्न नव्हता. धर्म बदलला म्हणून भाषा, पेहराव आणि देश बदलत नाही, हे त्यांना स्वकीयांना पटवावयाचे होते आणि परदेशी मिशनऱ्यांनाही. त्यांच्या वर्चस्वावर टिळकांनी परखड टीका केली. ‘ज्ञानोदय’चा मराठी विभाग सांभाळतानाही हा बाणा सुटला नाही. १९१७ मध्ये मिशनचा आधार सोडून साताऱ्यास त्यांनी ‘देवाचा दरबार’ स्थापन केला. चरितार्थाची निश्चिती सोडून संन्यस्त होणे हे धाडसच होते. माझ्या मते त्यांच्या गीतांइतकेच ते मोलाचे आहे.

९ मे १९१९ रोजी मुंबईत त्यांचे देहावसान झाले. १९०९ मध्ये आरंभलेले ‘ख्रिस्तायन’ हे ओवीबद्ध महाकाव्य दहा-अकरा अध्यायांवरच थांबले होते. लग्नानंतर नवऱ्याकडून अक्षरे गिरवावयास शिकलेल्या लक्ष्मीबाईंनी ते हाती घेऊन चौसष्ट अध्याय लिहिले. ग्रंथ १९३८ मध्ये प्रसिद्ध झाला. तोवर त्याही निवर्तल्या होत्या.