ताराबाई मोडक

ताराबाई मोडक (जन्म : १९ एप्रिल १८९२, मृत्यू : ३१ ऑगस्ट १९७३) या भारतातील पूर्वप्राथमिक शिक्षणाच्या आद्य प्रवर्तकांपैकी एक शिक्षणतज्ज्ञ व समाजसेविका होत्या. मूल शाळेत येत नसेल तर शाळेने मुलाकडे गेले पाहिजे, या विचारातून त्यांनी अंगणवाडी आणि कुरणशाळा हे प्रयोग केले. ग्रामीण व आदिवासी भागात काम करणाऱ्या बालसेविकांच्या प्रशिक्षणाचा पायाही त्यांनी घातला.

प्रारंभिक जीवन

ताराबाईंचे माहेरचे आडनाव केळकर. त्यांचे वडील सदाशिव पांडुरंग केळकर हे प्रार्थना समाजाचे कार्यकर्ते होते व घरातील वातावरण सुधारणावादी होते. ताराबाईंनी १९१४ मध्ये मुंबई विद्यापीठाची बी.ए. पदवी मिळवली. अमरावतीचे वकील कृष्ण विनायक मोडक यांच्याशी त्यांचा विवाह झाला. मात्र काही वर्षांतच पतिपत्नी विभक्त झाले. लहान मुलीची जबाबदारी एकटीवर आलेल्या ताराबाईंनी राजकोट येथील बार्टन फीमेल ट्रेनिंग कॉलेजचे प्राचार्यपद स्वीकारले.

भावनगर येथील कार्य

राजकोटला असताना ताराबाईंना गिजुभाई बधेका यांच्या कार्याची माहिती झाली. गिजुभाईंनी १९२० मध्ये भावनगरच्या दक्षिणामूर्ती संस्थेत बालमंदिर सुरू केले होते. प्राचार्यपदाची स्थिर नोकरी सोडून ताराबाई १९२३ मध्ये तेथे दाखल झाल्या. मारिया माँटेसरी यांच्या पद्धतीचा त्यांनी अभ्यास केला. शिक्षकाने प्रथम मुलाचे निरीक्षण करावे आणि त्यानुसार अध्यापनाची दिशा ठरवावी, हे तत्त्व त्यांनी येथे आत्मसात केले. १९२६ मध्ये नूतन बालशिक्षण संघाची स्थापना झाली. संघाच्या कामात आणि शिक्षणपत्रिका या मासिकाच्या संपादनात त्यांचा प्रमुख सहभाग होता.

दादर येथील शिशुविहार

१९३६ मध्ये ताराबाईंनी मुंबईतील दादर येथे शिशुविहार सुरू केले. बालशिक्षणासाठी मराठीत प्रशिक्षित शिक्षिका मिळणे त्या काळी दुर्मीळ असल्याने त्याला अध्यापन मंदिराची जोड देण्यात आली. येथे शिक्षिकांना प्रत्यक्ष मुलांमध्ये राहून शिकता येत असे. १९४६ ते १९५१ या काळात ताराबाई मुंबई विधिमंडळाच्या सदस्य होत्या.

बोर्डी येथील प्रयोग

शहरातील बालमंदिरांचा लाभ प्रामुख्याने सुस्थित कुटुंबांतील मुलांना मिळतो, याची जाणीव ताराबाईंना होती. त्यामुळे १९४५ मध्ये त्यांनी तत्कालीन ठाणे जिल्ह्यातील बोर्डी येथे ग्राम बालशिक्षा केंद्र सुरू केले. अनुताई वाघ याच काळात त्यांच्या सहकारी झाल्या.

बालवाडी उघडली तरी दलित व आदिवासी वस्त्यांतील मुले तेथे येत नव्हती. त्यांतील बहुतेकांचे आईवडील पहाटेच कामावर जात आणि जरा मोठी झालेली मुले धाकट्या भावंडांना सांभाळत. अनेक मुलांकडे धड कपडे नव्हते. पालकांच्या उदासीनतेला दोष न देता ताराबाईंनी शाळेचे स्वरूपच बदलले. बालसेविका वस्तीत जाऊन घरापुढील अंगणात मुले जमवू लागल्या. मुलांना आंघोळ घालणे, नखे कापणे व केस विंचरणे यांनी दिवसाची सुरुवात होई. त्यानंतर गाणी, गोष्टी व खेळ घेतले जात. यातून अंगणवाडीची कल्पना साकार झाली. महागड्या साधनांऐवजी शंख-शिंपले, बिया, पाने, माती आणि बांबू यांपासून शैक्षणिक साहित्य तयार करण्यात आले.

कोसबाड येथील कार्य

१९५७ च्या सुमारास हे कार्य जवळच्या कोसबाड टेकडीवर, वारली वस्तीच्या परिसरात हलविण्यात आले. तेथे पाळणाघर, बालवाडी व प्राथमिक शाळा एकाच आवारात आणून विकासवाडी सुरू झाली. धाकटे भावंड पाळणाघरात राहिल्यामुळे मोठ्या मुलीला वर्गात बसणे शक्य झाले. दिवसभर गुरे राखणाऱ्या मुलांसाठी शिक्षक कुरणात जाऊन शिकवीत. हीच कुरणशाळा होय. दिवसा कामावर जाणाऱ्या मुलांसाठी रात्रशाळाही चालविण्यात आली.

कार्यपद्धती व महत्त्व

व्यावसायिक समाजकार्याचे शिक्षण देणारी भारतातील पहिली संस्था मुंबईत १९३६ मध्ये, म्हणजे शिशुविहाराच्याच वर्षी सुरू झाली. ताराबाई त्या परंपरेतून आलेल्या नव्हत्या. तथापि गृहभेटी देणे, मुलाच्या गैरहजेरीचे कारण शोधणे, पालकांचा विश्वास मिळवणे आणि अनुभवाच्या कसोटीवर न टिकलेली पद्धत बदलणे ही शालेय समाजकार्याची आज मान्य असलेली अंगे त्यांच्या कामात स्पष्ट दिसतात. प्रशिक्षण हा एकदाच पूर्ण करावयाचा अभ्यासक्रम नसून कामासोबत चालणारी प्रक्रिया आहे, ही भूमिका त्यांच्या संस्थांच्या रचनेतच अंतर्भूत होती.

सन्मान व वारसा

भारत सरकारने १९६२ मध्ये ताराबाईंना पद्मभूषण पुरस्कार देऊन गौरविले. त्यांच्या निधनानंतर कोसबाडचे कार्य अनुताई वाघ यांनी पुढे नेले. रत्नाकर मतकरी यांचे घर तिघांचं हवं हे नाटक ताराबाईंच्या जीवनावर आधारित आहे.

२ ऑक्टोबर १९७५ रोजी केंद्र सरकारची एकात्मिक बालविकास सेवा योजना सुरू झाली आणि अंगणवाडी हा शब्द देशभर रूढ झाला. पुढे या योजनेचा विस्तार गावोगावी झाला. तरीही ताराबाईंपुढील मूळ प्रश्न संपलेला नाही. नेकनूर हे गाव ज्या बीड जिल्ह्यात आहे, तेथून दरवर्षी ऊसतोडीसाठी असंख्य कुटुंबे स्थलांतर करतात व त्यांच्यासोबत गेलेल्या मुलांची शाळा सुटते. अशा मुलांसाठी साखर कारखान्यांच्या परिसरात चालविलेल्या साखरशाळांमागे, शाळेने मुलांपर्यंत पोहोचण्याचे ताराबाईंनी अवलंबिलेलेच तत्त्व दिसते.