केशवराव भोळे

चित्रपटाचें संगीत म्हटलें कीं गाणीं आणि वाद्यें यांची रेलचेल, अशी आपली समजूत असते. वाद्यें बाजूस ठेवण्यांतहि संगीतकाराची कसोटी असते, हें ज्यांच्या कामावरून कळतें त्या केशवराव भोळे यांचें चरित्र आम्ही येथें थोडक्यांत देत आहों.

केशवरावांचा जन्म १८९६ सालीं अमरावतीस झाला. वैद्यकी शिकण्यासाठीं ते मुंबईस आले. परंतु गाण्याची ओढ अशी कीं तें शिक्षण अर्धवटच राहिलें. (घरच्या मंडळींस तेव्हां काय वाटलें असेल, हें आमच्या पालकवाचकांस सांगावयास नको!) पुढें ‘एकलव्य’ या नांवानें त्यांनीं गायकांविषयीं परखड लेख लिहिले.

१९३३ सालीं ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकाचें संगीत त्यांनीं केलें. त्या काळीं नाटकांत पात्र गाऊं लागलें कीं ताना आणि ‘वन्समोअर’ यांपुढें कथा ताटकळत उभी राही. या नाटकांत गाणीं मोजकीं आणि आटोपशीर होतीं. तीं गाणाऱ्या ज्योत्स्नाबाई मूळच्या गोव्याच्या. त्या केशवरावांच्या पत्नी होत.

नंतर ते पुण्याच्या प्रभात कंपनींत गेले. ‘अमृतमंथन’ १९३४ सालीं निघाला, ‘संत तुकाराम’ १९३६ सालीं. या दुसऱ्या चित्रपटासाठीं शांताराम आठवले यांनीं अभंगाच्या धर्तीवर एक पद रचलें आणि केशवरावांनीं त्यास भजनी वळणाची साधी चाल दिली. शब्द आणि चाल यांचा मेळ असा जमला कीं पुष्कळ जण तें पद तुकोबांचेंच समजतात. चाल लावणाऱ्याचें नांव कोणाच्या ध्यानींहि येऊं नये, याहून मोठी शाबासकी ती कोणती?

परंतु खरी परीक्षा झाली ती १९३७ सालच्या ‘कुंकू’ चित्रपटांत. नीरा नांवाच्या मुलीचें एका म्हाताऱ्या वकिलाशीं फसवून लग्न लावतात आणि ती तें मान्य करीत नाहीं, ही त्याची कथा. दिग्दर्शक व्ही. शांताराम. प्रसंग दुःखाचा आला कीं पाठीमागें सारंगी रडवावी, हा तेव्हांचा सोपा मार्ग होता. ‘कुंकू’मध्यें तसें पार्श्वसंगीत मुळींच नाहीं. घरांतलें जुनें घड्याळ, वावरणाऱ्या माणसांची चाहूल, रस्त्यावरचे आवाज, एवढेंच आपण ऐकतों. संगीतकार म्हणून नेमलेल्या माणसानें गप्प बसावयाचें! वाहवा मिळविण्याची हौस असणाऱ्यास हें साधलें नसतें.

गाणीं मात्र आहेत, आणि तीं कथेच्या पोटांतून येतात. एक गाणें दारोदार फिरणाऱ्या भिकाऱ्याच्या तोंडीं आहे. दुसरें तर चक्क इंग्रजी! लाँगफेलो या अमेरिकन कवीची, जीवनास धैर्यानें सामोरें जावें असें सांगणारी ती प्रसिद्ध कविता शांता आपटे यांनीं नीरेच्या भूमिकेंत गाइली आहे. वर्गांत ही कविता एका दमांत घोकून टाकणाऱ्या आमच्या विद्यार्थ्यांनीं ती तेथें एकदां अवश्य ऐकावी. आम्हांसहि ती प्रथम समजली ती तेथेंच.