मॅट्रिक नापास कवी आणि ५६ डेडलाइन्स

दोस्तांनो, उद्या सबमिशन आहे आणि आज रात्रीपर्यंत पहिलं पानही लिहून झालेलं नाही, हा अनुभव तुम्हाला नवा नसेल. आता विचार करा, अशी डेडलाइन दर आठवड्याला, सलग ५६ वेळा आली तर? आणि सबमिशन सरांकडे नाही, तर रेडिओला कान लावून बसलेल्या अख्ख्या मराठी मुलखाकडे करायचं असेल तर? ग. दि. माडगूळकरांनी, म्हणजे आपल्या गदिमांनी, हे करून दाखवलं.

गदिमांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९चा, आजच्या सांगली जिल्ह्यातल्या शेटफळे गावातला. घरची परिस्थिती बेताची. आई बनूताई ओव्या रचायच्या, तेवढीच काय ती श्रीमंती. औंधला शाळा झाली, पण गणितानं दगा दिला आणि मॅट्रिकची गाडी अडली ती अडलीच. कॉलेज नाही, डिग्री नाही. पोटासाठी पोरानं कोल्हापूर गाठलं आणि मास्टर विनायकांच्या सिनेमा कंपनीत शिरला. १९३८च्या 'ब्रह्मचारी'मध्ये छोटंसं काम मिळालं. पुढे वि. स. खांडेकरांचा लेखनिक म्हणून काम केलं. म्हणजे त्यांनी सांगायचं आणि यानं उतरवून घ्यायचं. आजच्या भाषेत इंटर्नशिपच म्हणा ना! १९४७च्या 'रामजोशी'नं मात्र गदिमांचं नाव घरोघरी पोचलं.

आता रेडिओकडे वळू. पुण्याचं आकाशवाणी केंद्र सुरू झालं २ ऑक्टोबर १९५३ला. तेव्हा रेडिओ ही काही खिशात मावणारी चीज नव्हती. व्हॉल्व्हचा भलामोठा सेट, वर लायसन्सची फी. ज्याच्या घरी रेडिओ, त्याच्या घरी शेजारपाजारचे जमायचे. अशा नव्या केंद्राला लोकांना बांधून ठेवेल असं काहीतरी हवं होतं. केंद्रात काम करणारे सीताकांत लाड हे गदिमांचे मित्र. त्यांनी वर्षभर चालेल अशी गाण्यांची मालिका मागितली. गदिमांनी रामायण निवडलं, संगीताला सुधीर फडके. दोघेही १९१९चेच, म्हणजे तेव्हा पस्तिशीतले.

१ एप्रिल १९५५. शुक्रवार, रामनवमी. 'गीतरामायण'चं पहिलं गाणं त्या दिवशी वाजलं. त्या गाण्याचा एक किस्सा अजून सांगितला जातो. लिहिलेला कागद ऐन वेळी सापडेना. गदिमा भडकले, पुन्हा लिहायला तयार होईनात. शेवटी लाडांनी त्यांना एका खोलीत बसवून बाहेरून कडी घातली म्हणे! थोड्या वेळात गाणं कागदावर उतरलं.

एक लक्षात घ्या. सगळी गाणी आधी लिहून कपाटात ठेवलेली नव्हती. आठवड्यात गाणं लिहायचं, चाल लावायची, गायकाकडून बसवून घ्यायचं आणि ठरल्या वेळी ऐकवायचं. एक आठवडा हुकला की हजारो घरांतली वाट पाहणारी माणसं नाराज! त्यात त्या वर्षी अधिक महिना आला, म्हणून पुढची रामनवमी थेट १९ एप्रिल १९५६ला. साहजिकच गाणी ५२वर न थांबता ५६ झाली.

यात निवेदक सगळी गोष्ट सांगून टाकत नाही. बहुतेक गाणी कुणातरी पात्राच्या तोंडी आहेत. कौसल्येचं दुःख वेगळं, भरताचा संताप वेगळा, शूर्पणखेचा थयथयाट वेगळा. भाषा इतकी सोपी, की ओव्या ऐकत वाढलेल्या आजीला कळावी आणि शाळकरी पोरालाही. सिनेमासाठी लिहिताना प्रसंग आणि माणूस ओळखायची जी सवय लागली होती, ती इथं कामाला आली. फडके स्वतः गायलेच, शिवाय माणिक वर्मा, वसंतराव देशपांडे, लता मंगेशकर असे एकाहून एक आवाज लाभले. गाण्याच्या वेळी लोक रेडिओला हार घालायचे, अशा आठवणी आजही सांगितल्या जातात. पुढे ही गाणी हिंदी, कन्नड, तेलुगू, संस्कृतसह कितीतरी भाषांत गेली.

गदिमा तिथंच थांबले नाहीत. शांतारामबापूंच्या 'दो आँखें बारह हाथ'ची कथा त्यांचीच. १९६२पासून बारा वर्षं ते विधान परिषदेत होते. १९६९ला पद्मश्री मिळाली. आणि मॅट्रिकला अडलेला हाच माणूस १९७३ला यवतमाळच्या मराठी साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला! १४ डिसेंबर १९७७ला पुण्यात ते गेले.

म्हणून नापास व्हा असं कुणी म्हणत नाही हं! पण मार्कलिस्ट हातात आल्यावर सगळं संपलं असं वाटलं, तर हा हिशेब आठवा. गणितात अडलेल्या माणसानं ५६ आठवड्यांत ५६ गाणी दिली, एकही आठवडा न चुकवता. आज रात्री हेडफोन लावा, पहिलं गाणं ऐका आणि मग शेवटचं. सुरुवात भूप रागात आहे, शेवट भैरवीत. मधल्या ५४ गाण्यांसाठी पुढचं वर्ष आहेच की!