कुंडीतला वाटाणा

मागच्या हिवाळ्यात सुट्टीला पांढुर्ण्याला घरी होतो. कॉम्प्युटरवर वाढत्या रोपाचं ॲनिमेशन करायचं डोक्यात होतं. त्यासाठी खरं रोप कसं वाढतं ते बघावं म्हणून कुंडीत वाटाणे पेरले, मोबाईल समोर ठेवला आणि रोज फोटो काढू लागलो. आठव्या दिवशी कंटाळलो अन् सोडून दिलं. नंतर दादासाहेब फाळक्यांबद्दल वाचलं आणि स्वतःचीच लाज वाटली.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरला झाला. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. पुढे फोटोग्राफी केली, छपाईचा धंदा केला, तोही सोडावा लागला. १९११ मध्ये मुंबईत त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा मूकपट पाहिला. आपल्या पुराणातल्या कथाही अशा पडद्यावर आणायच्या, हे तेव्हाच ठरलं. मग चित्रपट बघायचे आणि प्रयोग करायचे, एवढंच सुरू झालं. झोप नाही, विश्रांती नाही. डोळे इतके बिघडले की काही काळ दिसेनासंच झालं. उपचारांनी नजर परत आली. विमा गहाण ठेवून फेब्रुवारी १९१२ मध्ये ते लंडनला गेले आणि कॅमेरा मिळवला.

पण चित्रपटाला पैसा कोण देणार? लोकांचा विश्वासच नव्हता. तेव्हा फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि महिन्याहून जास्त दिवस थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर ते सगळं मिनिटभरात दिसायचं : बी फुटतं, कोंब वर येतो, वेल चढतो. नाव होतं 'अंकुराची वाढ'. ते पाहून कर्ज द्यायला माणसं पुढे आली. पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने दिले. ३ मे १९१३ रोजी 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत लागला. पुढे आगपेटीतल्या काड्याही त्यांनी अशाच, एकेक चित्र घेत, पडद्यावर नाचवल्या.

१९६८ मध्ये लिंडेनमायर या जीवशास्त्रज्ञानं रोपाच्या वाढीचे नियम गणितात मांडले. त्यावरून कॉम्प्युटर फांद्या-पानं काढू लागला. आता ते काम काही सेकंदांचं आहे. पण वाढ टप्प्याटप्प्यानं दाखवायची, हे आपल्याकडे फाळक्यांनी कुंडीपाशी बसून केलं होतं.

१६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले, तेव्हा बोलपटांच्या जगानं त्यांना जवळजवळ विसरूनच टाकलं होतं.

यंदा मी पुन्हा वाटाणे पेरलेत. आज एकोणिसावा दिवस आहे.