डेव्हिड डेल

डेव्हिड डेल (इ.स. १७३९ - इ.स. १८०६) हे स्कॉटलंडमधील व्यापारी, गिरणीमालक व धर्मोपदेशक होते. न्यू लॅनार्क येथील सूतगिरण्यांचे ते संस्थापक होत. या गावाचे नाव पुढे त्यांचे जावई रॉबर्ट ओवेन यांच्याशी जोडले गेले, त्यामुळे डेल यांचे कार्य काहीसे झाकोळले.

पूर्वायुष्य व व्यापार

एअरशर परगण्यातील स्ट्यूअर्टन या गावी एका किराणा दुकानदाराच्या घरी त्यांचा जन्म झाला. लहानपणी त्यांनी गुरे राखली आणि नंतर पेझ्ली येथे विणकामाची उमेदवारी केली. इ.स. १७६३ च्या सुमारास ते ग्लासगोला आले. लिनन कापडासाठी लागणारे सूत हॉलंड व फ्लँडर्स येथून आयात करून त्यांनी संपत्ती मिळवली. अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धामुळे ग्लासगोच्या तंबाखू व्यापाराला मोठा धक्का बसला, तेव्हा शहरातील भांडवल कापसाकडे वळू लागले. हा बदल ओळखणाऱ्यांत डेल अग्रभागी होते. इ.स. १७८३ मध्ये ते रॉयल बँक ऑफ स्कॉटलंडचे ग्लासगोतील प्रतिनिधी झाले. त्याच वर्षी स्थापन झालेल्या तेथील व्यापारी मंडळाच्या संस्थापकांतही ते होते.

न्यू लॅनार्क

इ.स. १७८४ मध्ये रिचर्ड आर्कराइट स्कॉटलंडला आले असता दोघांनी क्लाइड नदीच्या धबधब्यांजवळील जागा पाहिली. आर्कराइट यांचे सूतकताई यंत्र पाण्याच्या शक्तीवर चालत असे, म्हणून ही जागा सोयीची होती. इ.स. १७८५ मध्ये बांधकाम सुरू झाले व पुढील वर्षी सूत निघू लागले. ही भागीदारी मात्र लवकरच संपुष्टात आली. इ.स. १७८८ मध्ये पहिली गिरणी आगीत भस्मसात झाली. डेल यांनी ती पुन्हा उभारली.

खरी अडचण कामगारांची होती. दिवसभर भिंतींच्या आड, घंटेच्या तालावर काम करण्यास आसपासचे लोक नाखूश असत. इ.स. १७९१ मध्ये स्काय बेटावरून अमेरिकेला निघालेले एक जहाज वादळामुळे ग्रीनॉक बंदरात परतले, तेव्हा डेल यांनी त्यातील स्थलांतरितांना काम व घरे देऊ केली आणि अनेक जण राहिले. तरीही मोठा भार मुलांवरच होता. इ.स. १७९३ मध्ये सुमारे ११५० कामगारांपैकी जवळपास ८०० मुले व किशोरवयीन होती. त्यांतील पावणेतीनशेच्या आसपास मुले अनाथ किंवा निराधार असून गिरणीच्याच वसतिगृहात राहत.

या मुलांचे काम सकाळी ६ ते संध्याकाळी ७ चाले. न्याहारीला अर्धा तास व जेवणाला एक तास सुटी असे, म्हणजे प्रत्यक्ष काम साडेअकरा तासांचे होई. त्यानंतर रात्री ९ पर्यंत शाळा भरे. ओटची लापशी, दूध, बार्लीचे सूप, मांस व बटाटे असा आहार मिळे. खोल्या नियमित धुतल्या जात व शिक्षकांना पगार गिरणी देई. इतर गिरण्यांच्या तुलनेत ही व्यवस्था निःसंशय चांगली होती. इ.स. १८०२ च्या कायद्याने अशा उमेदवार मुलांसाठी १२ तासांची मर्यादा घातली, ती येथे आधीच पाळली जात होती. परंतु दिवसभर यंत्रापुढे उभे राहिलेले मूल रात्री कितपत शिकणार, हा प्रश्न उरतोच. ओवेन यांनी पुढे नेमका हाच आक्षेप घेतला. त्यांनी सासऱ्यांच्या हेतूविषयी आदर व्यक्त केला, पण दीर्घ श्रमांमुळे मुलांची वाढ खुंटत होती असे नोंदवले. अर्थात पूर्वस्थिती जितकी वाईट, तितकी ओवेन यांची सुधारणा उठून दिसणार होती, हेही लक्षात घ्यावे लागते.

इतर कार्य

ब्लँटायर, कॅट्रिन व दूर उत्तरेकडील स्पिनिंगडेल येथील गिरण्यांतही डेल यांची भागीदारी होती. कॅट्रिनमधील त्यांचे भागीदार क्लॉड अलेक्झांडर हे ईस्ट इंडिया कंपनीच्या बंगालमधील नोकरीत धनवान होऊन परतले होते. टंचाईच्या वर्षांत डेल यांनी परदेशातून धान्य आणवून गरिबांना स्वस्तात विकले. अधिकृत चर्चपासून वेगळ्या झालेल्या एका छोट्या पंथाचे ते उपदेशक होते. इ.स. १७९१ मध्ये ग्लासगोत स्थापन झालेल्या गुलामांच्या व्यापारविरोधी संस्थेचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे होते. मात्र त्या काळी स्कॉटिश गिरण्यांना लागणारा बराचसा कापूस वेस्ट इंडीजमधील गुलामांच्या श्रमातूनच येत असे.

अखेरची वर्षे

इ.स. १७९९ मध्ये त्यांनी न्यू लॅनार्क ६०,००० पौंडांना ओवेन व त्यांच्या भागीदारांना विकले. त्याच वर्षी त्यांची कन्या कॅरोलाइन हिचा ओवेन यांच्याशी विवाह झाला. मार्च १८०६ मध्ये ग्लासगो येथे डेल यांचे निधन झाले. न्यू लॅनार्कच्या गिरण्या इ.स. १९६८ पर्यंत चालू होत्या. इ.स. २००१ मध्ये युनेस्कोने या गावाचा जागतिक वारसा स्थळांच्या यादीत समावेश केला.